सत्तेच्या सावलीतील स्त्रिया : दुर्गा खोटे यांचा अभिनयप्रवास

दुर्गा खोटे यांच्याविषयी मराठीत जे लिहिले जाते ते बहुधा एका ठरीव विधानापाशी येऊन थांबते : घरंदाज, इंग्रजी शिकलेली स्त्री बोलपटात आली आणि तिच्यामुळे तशाच घरांतील इतर मुलींची वाट मोकळी झाली. हे विधान चुकीचे नसले तरी अपुरे आहे आणि काहीसे अन्यायकारकही आहे. १९१३ साली दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई, म्हणजे पुढील काळातील कमलाबाई गोखले, या दोघी पडद्यावर आल्या होत्या. आणि मूकपटांचा काळ ज्यांच्या नावावर चालला त्या सुलोचना (रुबी मायर्स), गोहर, झुबेदा यांच्या कर्तृत्वाला या घरंदाजपणाच्या मापात जागाच उरत नाही. दुर्गाबाईंचे वेगळेपण अन्यत्र शोधावे लागते. अभिनय हे उपजीविकेचे साधन म्हणून त्यांनी उघडपणे स्वीकारले, त्यासाठी कोणत्याही एका संस्थेची बांधिलकी पत्करली नाही, आणि पडद्याकडून रंगभूमीकडे असा उलटा प्रवास करून आपल्या सर्वांत अवघड भूमिका त्यांनी तेथे केल्या.

त्यांचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत, मूळच्या गोव्याच्या लाड कुटुंबात झाला. कॅथीड्रल शाळा आणि सेंट झेवियर्स महाविद्यालय असे त्यांचे शिक्षण होते, आणि लग्नाने त्या खोटे कुटुंबात आल्या. पुढे आर्थिक ओढाताण सुरू झाली, दोन लहान मुलांची जबाबदारी अंगावर होती, आणि त्या गरजेपोटी त्यांनी मोहन भवनानी यांच्या 'फरेबी जाल' (१९३१) या चित्रपटात एक लहान भूमिका स्वीकारली. त्या चित्रपटामुळे त्यांच्या वाट्याला कौतुकापेक्षा टीकाच अधिक आली. तरीही कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने त्यांना बोलावले आणि व्ही. शांताराम यांच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) या मराठी बोलपटात व त्याच्या हिंदी आवृत्तीत तारामतीची भूमिका दिली.

या पहिल्या मोठ्या भूमिकेच्या कष्टांची कल्पना आजच्या प्रेक्षकाला सहज येणार नाही. पार्श्वगायन, म्हणजे गायकाचा आवाज आधी मुद्रित करून नटाने त्यावर ओठ हलवण्याची पद्धत, तेव्हा रूढ झालेली नव्हती. चित्रण चालू असतानाच ध्वनिमुद्रण होत असे, नटनटींना स्वतः गावे लागे, आणि वादकांना कॅमेऱ्याच्या नजरेआड बसवावे लागे. हरिश्चंद्राच्या भूमिकेत आणि संगीतकार म्हणूनही गोविंदराव टेंबे होते, म्हणजे संगीत रंगभूमीवर मुरलेला कलावंत. त्यांच्यासमोर रंगभूमीचा अनुभव नसलेल्या नवख्या नटीला गाणे, संवाद आणि हालचाल एकाच वेळी सांभाळायची होती. बालगंधर्वांच्या स्त्रीभूमिकांवर पोसलेल्या प्रेक्षकाला स्त्रीच्या भूमिकेत प्रत्यक्ष स्त्री, तीही बोलती आणि गाती, पाहण्याची सवय अजून लागायची होती, ही गोष्टही विसरता येत नाही.

तारामती लोकप्रिय झाल्यावर सती-साध्वींच्या भूमिकांत अडकून पडणे सोपे होते. त्याच वर्षी आलेल्या 'माया मच्छिंद्र'मध्ये मात्र दुर्गाबाई स्त्रीराज्याची राणी किलोतला झाल्या, आणि 'अमरज्योती'मध्ये (१९३६) तर समुद्री लुटारूंची म्होरकी सौदामिनी. सौदामिनी ही मराठी कंपनीने घडवलेली एक विलक्षण नायिका आहे : राज्याचा कायदा तिला मुलाचा ताबा नाकारतो, आणि त्या अन्यायाविरुद्ध ती हाती शस्त्र घेते. चंद्रमोहन यांचा कपटी दुर्जय आणि शांता आपटे यांची राजकन्या समोर असताना हे पात्र आरडाओरड्याकडे झुकण्याचा धोका मोठा होता. दुर्गाबाईंनी ते ताठ मानेने आणि संथ आवाजाने तोलले. त्यांची उंच, भारदस्त देहयष्टी येथे पोशाखाइतकीच बोलते.

याच वर्षांत त्यांनी घेतलेला दुसरा निर्णय अधिक दूरगामी होता. तीसच्या दशकात चित्रपटधंदा स्टुडिओ पद्धतीवर चाले. म्हणजे नट, दिग्दर्शक, लेखक, तंत्रज्ञ सगळे एकाच कंपनीचे मासिक पगारी नोकर असत आणि करार असेतो बाहेर काम करता येत नसे. दुर्गाबाईंनी प्रभातबरोबर काम केले, कोलकात्यात न्यू थिएटर्सच्या 'राजरानी मीरा'त (१९३३) आणि ईस्ट इंडिया फिल्म कंपनीच्या 'सीता'मध्ये (१९३४) देबकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली काम केले, आणि मुंबईतील कंपन्यांचीही कामे घेतली. पुढे 'साथी' या चित्रपटाच्या निर्मितीची जबाबदारीही त्यांनी घेतली. मुक्त व्यवसाय हा नटांचा नेहमीचा मार्ग दुसऱ्या महायुद्धानंतर झाला. त्या वाटेने आधीच गेलेल्यांत एक स्त्री होती, ही बाब तिच्या घराण्याच्या उल्लेखापेक्षा इतिहासकारांनी अधिक गांभीर्याने घ्यायला हवी.

'सीता' व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. त्यातील राम पृथ्वीराज कपूर होते, आणि सव्वीस वर्षांनी 'मुघल-ए-आझम'मध्ये (१९६०) तेच अकबर आणि दुर्गाबाई जोधाबाई झाल्या. मधल्या काळात त्यांचे नायिकेचे वय सरले, पण भूमिका दुबळ्या झाल्या नाहीत. आचार्य अत्रे यांच्या 'पायाची दासी'त (१९४१) त्यांनी सुनेला छळणारी सासू उभी केली, 'भरतभेट'मध्ये (१९४२) कैकेयी. या दोन्ही भूमिकांसाठी बंगालच्या चित्रपट पत्रकार संघटनेने त्यांना गौरवले. सोहराब मोदींच्या 'पृथ्वीवल्लभ'मधील (१९४३) मृणालवती ही भावाच्या राज्याचा कारभार मुठीत ठेवणारी, बंदिवान शत्रूपुढे मात्र मनातून ढळणारी स्त्री आहे. या सगळ्या ओळीने पाहिल्या की एक धागा दिसतो. सिंहासन यांचे नसते, पण सिंहासनाचे बरेवाईट यांच्या हातून होते.

हा धागा रंगभूमीवर अधिक ठळक झाला. बोलपटांच्या लाटेने मराठी नाटक कंपन्या मोडकळीस आल्यानंतर मुंबई मराठी साहित्य संघाने डॉ. अ. ना. भालेराव यांच्या पुढाकाराने नाट्यमहोत्सव भरवून जुनी-नवी नाटके पुन्हा उभी केली. त्या चळवळीत दुर्गाबाई उतरल्या. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या 'भाऊबंदकी'त त्यांनी आनंदीबाई केली. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील खुनाभोवतीचे हे नाटक, त्यातील डळमळता राघोबा आणि त्याला पुढे रेटणारी पत्नी आनंदीबाई या जोडीमुळे, शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'च्या छायेत वाचले जाते. त्यामुळे १९५४ साली वि. वा. शिरवाडकर यांनी 'मॅकबेथ'वरून लिहिलेले 'राजमुकुट' हर्बर्ट मार्शल यांनी बसवले, तेव्हा नानासाहेब फाटक यांच्यासमोर लेडी मॅकबेथच्या जागी दुर्गाबाई असणे स्वाभाविक होते. फाटकांचा घनगंभीर आवाज प्रेक्षागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत जाण्यासाठीच घडलेला; दुर्गाबाईंची घडण कॅमेऱ्यासमोरची, जेथे पापणीची हालचालही पुरते. कॅमेऱ्याची मदत नसताना, अशा आवाजासमोर अशी भूमिका पेलणे ही त्यांच्या कलेची पडद्यावरच्या कोणत्याही यशापेक्षा कठोर परीक्षा होती. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना १९५८ मध्ये मिळाला.

साठीनंतरच्या हिंदी चित्रपटांविषयी थोडक्यातच बोलणे योग्य. 'बावर्ची', 'अभिमान', 'बॉबी' अशा चित्रपटांतून त्या वडीलधाऱ्या स्त्रीच्या रूपात घराघरांत पोचल्या, 'बिदाई'साठी (१९७४) त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर मिळाले, पण त्यांतील बऱ्याच भूमिका त्यांच्या आवाक्यापेक्षा लहान होत्या. आणि आजच्या प्रेक्षकाला नेमक्या त्याच आठवतात. पद्मश्री (१९६८) आणि १९८३ चे दादासाहेब फाळके पारितोषिक हे सन्मान यथाकाल आले. १९८२ मध्ये 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. पुढे शांता गोखले यांनी ते इंग्रजीत नेले.

कामाचा व्यवहार मात्र त्यांनी शेवटपर्यंत सोडला नाही. दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स या त्यांच्या संस्थेने लघुपट आणि जाहिरातपट केले, आणि १९८८ मध्ये आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेवर बेतलेली, कुंदन शाह यांनी दिग्दर्शित केलेली 'वागळे की दुनिया' ही मालिका दूरदर्शनवर आणली. अंजन श्रीवास्तव यांचा काटकसरी वागळे आणि भारती आचरेकर यांची त्याची पत्नी घरोघरी पोचली, तेव्हा त्या मालिकेमागच्या संस्थेची संस्थापिका ऐंशी ओलांडून गेली होती. २२ सप्टेंबर १९९१ रोजी अलिबाग येथे त्यांचे निधन झाले.