न दिसणारा पहारेकरी

परीक्षा चालू असताना गुरुजी समोर उभे असले, तर त्यांची नजर कोठे आहे हे आपल्याला दिसते. ते वर्गाच्या मागे जाऊन उभे राहिले, की मात्र मनाची स्थिती पालटते. ते आपल्याकडे पाहत आहेत की खिडकीबाहेर, हे कळत नाही. आणि कळत नाही म्हणूनच आपण मान अधिक खाली घालतो.

मनाचा हा धर्म ओळखून जेरेमी बेंथम या इंग्लिश विचारवंताने एका तुरुंगाची योजना आखली. मूळ कल्पना त्याचा भाऊ सॅम्युएल याची. सॅम्युएल रशियन साम्राज्यातील क्रिचेव्ह येथे कारखान्यांची व्यवस्था पाहत असे. थोड्या माणसांनी पुष्कळ कामगारांवर नजर कशी ठेवावी, हा त्याच्यापुढील प्रश्न होता. जेरेमी त्याच्याकडे राहावयास गेला असता ही कल्पना त्याच्या मनात भरली, आणि १७९१ साली त्याने ती पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली.

इमारत वर्तुळाकार असावी. परिघावर कोठड्या आणि मध्यभागी पहाऱ्याचा मनोरा असावा. कोठडीच्या बाहेरील भिंतीस खिडकी असल्यामुळे आतला कैदी उजेडात स्पष्ट दिसावा. मनोऱ्यास मात्र पडदे असल्यामुळे पहारेकरी कोणासच दिसू नये. खरी मेख येथेच आहे. मनोरा रिकामा असला तरी कैद्यास ते समजणार कसे? तो स्वतःच स्वतःवर पहारा करू लागेल! बेंथमचा हा तुरुंग सरकारने बांधला नाही. १८१३ साली त्याला २३,००० पौंड भरपाई देऊन प्रकरण मिटवले.

आज रेल्वे स्थानकात किंवा दुकानात छताला काळसर काचेची घुमटी दिसते. आत कॅमेरा असतो. पण त्याचे तोंड कोणीकडे वळले आहे, हे त्या काळ्या काचेमुळे उमगत नाही. बेंथमचे पडदे ते हेच.

इंग्लंडमधील न्यूकॅसल विद्यापीठातील एक गमतीचा प्रयोग २००६ साली प्रसिद्ध झाला. तेथे चहा-कॉफी घेणाऱ्याने आपण होऊन पेटीत पैसे टाकावयाचे असत. दरपत्रकावर एका आठवड्यास फुलांचे चित्र, तर दुसऱ्या आठवड्यास डोळ्यांचे चित्र लावले. खर्चलेल्या दुधाच्या मानाने पाहता, डोळ्यांच्या आठवड्यांत जवळजवळ तिप्पट पैसे जमले. डोळे कागदाचेच होते! पुढे इतरत्र झालेल्या अशा प्रयोगांत दर वेळी असेच घडले नाही. चित्रातल्या डोळ्यांना माणूस फार काळ भीत नसावा.

पाहणाऱ्याचीही दृष्टी पालटते, ती अशी. पडद्यासमोर बसलेल्या रखवालदारास एक मुलगा धावताना दिसतो. चित्र वरून घेतलेले आहे आणि त्याला आवाज नाही. मुलाचा चेहरा नीट दिसत नाही, त्याला कोणी हाक मारीत आहे काय, तेही ऐकू येत नाही. संशयितास शोधण्याच्या कामावरच नेमलेल्या त्या डोळ्यांना तो चोर वाटतो. त्याची एस.टी. सुटत आहे, हे त्या चित्रात कोठेच नसते.