कोपरा गुण्यात आहे काय?

कला शाखेकडे वळलेल्या आमच्यापैकी कित्येकांनी ‘सुटलो एकदाचे गणितातून’ असे म्हटलेले असते. मीही त्यांतलाच. परंतु गेल्या मे महिन्यात गणिताने मला घरच्या अंगणात गाठले. त्याचीच ही हकीकत.

प्रथम ‘चढ’ म्हणजे काय ते पाहू. मुंबईहून नाशिकला येताना कसारा ते इगतपुरी असा घाट लागतो. १८६५ साली सुरू झालेल्या या लोहमार्गाचा चढ ३७ ला १ आहे. म्हणजे ३७ मीटर पुढे गेल्यावर गाडी १ मीटर वर चढते. एवढ्यासाठीच येथे कित्येक गाड्यांना मागून जादा इंजिने लावावी लागतात. गणितातला चढ तो हाच. रेषा जितकी वर गेली त्याला, ती जितकी आडवी गेली त्याने भागायचे. घाटाचा चढ १/३७. डावीकडून उजवीकडे जाताना रेषा वर गेली तर चढ धन, खाली गेली तर ऋण.

आता आमच्या अंगणात या. तेथे फूटभर लांबरुंद शहाबादी फरश्या आहेत. एका बाजूला खोली काढायची ठरली. मागचा रस्ता तिरपा, म्हणून खोलीही तिरपी येणार होती. गवंडीकाकांनी खुंट्या ठोकून दोऱ्या ताणल्या. मी सहज फरश्या मोजू लागलो. अंगण म्हणजे आयताच आलेखाचा कागद!

रस्त्याकडची दोरी १२ फरश्या उजवीकडे जाताना ३ फरश्या वर जात होती. चढ ३/१२, म्हणजे १/४. समोरच्या भिंतीची दोरी ८ फरश्यांत २ वर. चढ पुन्हा १/४. दोन वेगळ्या रेषांचा चढ सारखा असेल तर त्या समांतर असतात. येथवर ठीक होते.

बाजूची दोरी मात्र कोपऱ्यापासून ४ फरश्या डावीकडे आणि १५ वर गेली होती. चढ उणे १५/४. हा कोपरा काटकोन होता काय?

कागदावर ४ घरे उजवीकडे व १ घर वर जाणारी रेषा काढा. कागद डावीकडे काटकोनात फिरवा. आता तीच रेषा ४ घरे वर आणि १ घर डावीकडे जाते. आडवे-उभे यांची अदलाबदल झाली आणि एकाचे चिन्ह पालटले. पहिला चढ १/४, दुसरा उणे ४. गुणाकार उणे १. लंब रेषांची खूण ती हीच. आमच्या दोऱ्यांचा गुणाकार येत होता उणे १५/१६. डावीकडे ४ ऐवजी पावणेचार फूटच जायला हवे होते. खुंटी ३ इंच चुकली होती!

बाबा म्हणाले, “अरे, त्यांचा जन्म गेला भिंती बांधण्यात. तू त्यांना शिकवणार?” मी गप्प बसलो. पण पाया एकदा भरला की ३ इंच कायमचे राहणार, म्हणून भीतभीतच काकांना सांगितले. ते रागावले नाहीत. त्यांनी एका दोरीवर ३ फूट, दुसरीवर ४ फूट खूण केली आणि दोन खुणांमधले अंतर मोजले. ते ५ फुटांहून जवळजवळ अर्धा इंच जास्त भरले. “कोपरा गुण्यात नाही. खुंटी हलली असंल,” म्हणत त्यांनी ती ३ इंच सरकवली. त्यांचे ३-४-५ आणि माझे उणे १ ही एकाच काटकोनाची दोन मापे होती.

एक सावधगिरी. सरळ उभ्या रेषेला चढच नसतो, कारण तेथे शून्याने भागावे लागते. आडव्या रेषेचा चढ शून्य. या दोघी एकमेकींना लंबच असतात, पण गुणाकाराचा नियम तेथे लावता येत नाही.

भूमितीचे प्रश्न असे बीजगणिताने सोडविण्याची वाट देकार्त या फ्रेंच तत्त्वज्ञाने १६३७ साली आपल्या ग्रंथात दाखविली. तत्त्वज्ञानाच्या तासाला त्याचे नाव आम्ही ऐकतोच. तो आमच्या अंगणातही भेटेल, असे मात्र वाटले नव्हते.