काळ्या शाईतली करुणा

गिलोटिनवर एका खुन्याचे डोके उडवले जाते. पण ज्या जल्लादाने पाते सोडले, त्यानेही जाणूनबुजून माणूस मारलेला असतो. म्हणून कायद्याप्रमाणे त्याचेही डोके उडते. मग त्याला मारणाऱ्याचे, मग त्यालाही मारणाऱ्याचे. कायदा तंतोतंत पाळला जातो आणि साखळी थांबत नाही. बेल्जियन चित्रकार आंद्रे फ्रांकॅं यांच्या ‘इदे न्वार’ म्हणजे ‘काळे विचार’ या मालिकेतली ही चित्रकथा जेमतेम एका पानाची आहे. देहदंडाविरुद्धचा इतका थोडक्यात मांडलेला युक्तिवाद क्वचितच सापडेल.

ही मालिका १९७७ साली सुरू झाली. त्याच वर्षी १० सप्टेंबरला मार्सेयच्या तुरुंगात फ्रान्समधला शेवटचा शिरच्छेद झाला. फ्रान्सने देहदंड रद्द केला तो ऑक्टोबर १९८१मध्ये आणि मालिकेचा पहिला संग्रहही त्याच वर्षी निघाला. बेल्जियमच्या कायद्यातून ही शिक्षा १९९६ साली गेली. पुढच्याच जानेवारीत फ्रांकॅं यांचे निधन झाले.

फ्रेंच भाषक वाचकांना या पानांचा धक्का बसला, कारण हा हात त्यांच्या लहानपणापासून ओळखीचा होता. १९२४ साली ब्रुसेल्सजवळच्या एतरबेकमध्ये जन्मलेल्या फ्रांकॅं यांनी १९४६पासून ‘स्पिरू’ साप्ताहिकात त्याच नावाच्या नायकाच्या साहसकथा रंगवल्या. १९५२मध्ये त्यांनी लांबलचक शेपटीचा मार्सुपिलामी हा प्राणी निर्माण केला आणि १९५७मध्ये कचेरीत कामाखेरीज सगळे काही करणारा गास्तों लागाफ. एर्जेंच्या ‘टिनटिन’मध्ये रेषा स्वच्छ आणि स्थिर असते, फ्रांकॅं यांची रेषा सतत धावते, अडखळते, उसळते. अंगुलेमच्या चित्रकथा महोत्सवाने १९७४मध्ये आपला पहिलाच महापुरस्कार त्यांना दिला.

मुलांच्या या लाडक्या चित्रकाराच्या हातून काळी पाने उतरली, त्यामागे मासिकांचा एक इतिहास आहे. फ्रान्समध्ये जुलै १९४९च्या कायद्याने बालवाचकांच्या प्रकाशनांवर देखरेख समिती नेमली होती. फ्रान्समध्ये खपणाऱ्या बेल्जियन साप्ताहिकांनाही हात राखूनच काम करावे लागे. प्रौढांसाठी वाट मोकळी झाली ती १९६०मध्ये काव्हाना आणि ‘प्रोफेसर शोरों’ यांनी काढलेल्या ‘हाराकिरी’ मासिकामुळे. त्याच्या साप्ताहिक आवृत्तीने नोव्हेंबर १९७०मध्ये माजी राष्ट्राध्यक्ष द गॉल यांच्या मृत्यूची बातमी, काही दिवसांपूर्वी नृत्यगृहातल्या आगीत गेलेल्या १४६ बळींच्या बातमीशी जोडून मुखपृष्ठावर छापली. सरकारने साप्ताहिकावर बंदी घातली आणि त्याच मंडळींनी ‘शार्ली एब्दो’ सुरू केले.

१७ मार्च १९७७ रोजी फ्रांकॅं आणि माजी संपादक इव्हां देलपोर्त यांनी ‘स्पिरू’च्या आत ‘ल त्रोंबोन इलुस्त्रे’ ही पुरवणी सुरू केली. जणू साप्ताहिकाच्या तळघरात चोरून छापले जाणारे बंडखोर पत्र, असा तिचा थाट होता. ती तीसच अंक टिकली. ‘काळे विचार’ तिथे जन्मले आणि पुरवणी बंद पडल्यावर ‘फ्लुईद ग्लासियाल’ या मासिकात गेले. हे मासिक १९७५मध्ये काढणाऱ्यांत मार्सेल गोतलीब होते. त्यांचे वडील बुखेनवाल्डच्या छळछावणीत मरण पावले होते. फ्रांकॅं यांची उमेदीची वर्षे जर्मनव्याप्त ब्रुसेल्समध्ये गेली होती. मृत्यूवर विनोद करणाऱ्या या पिढीने मृत्यू फार जवळून पाहिला होता.

या पानांवर रंग नाही. माणसे, झाडे, यंत्रे हे सारे दाट काळ्या आकृत्यांत येते आणि त्यांत डोळे, दात, घामाचे थेंब तेवढे पांढरे सोडलेले असतात. तरी हालचाल गास्तोंचीच आहे, तोच वेग, तोच गोंधळ. गास्तोंच्या जगात स्फोट झाला तरी माणूस काजळी झटकून उठतो. इथे तो उठत नाही. विनोदाचे सारे यंत्र शाबूत ठेवून त्यातली फक्त क्षमा काढून घेतली की काय उरते, ते फ्रांकॅं दाखवतात. पानाखालची सहीसुद्धा दर वेळी नव्याने, त्या पानाच्या विषयाला शोभेल अशी काढलेली असते.

फ्रांकॅं यांना नैराश्याचा आजार होता. १९६१च्या अखेरीस त्यामुळे स्पिरूची चालू कथा बरेच महिने अर्धवट राहिली होती. म्हणून ‘काळे विचार’ हा आजारी मनाचा उद्गार मानण्याची सवय पडली आहे. हे वाचन मला अन्यायाचे वाटते. या पानांवर कोण कोण येते ते पाहावे: शस्त्रांचे दलाल, सेनाधिकारी, शिकारी, अणुभट्ट्या, विषारी धूर. हे सारे त्या काळाच्या वर्तमानपत्रांतले विषय होते. १९७४मध्ये फ्रान्सच्या मेस्मर सरकारने अणुवीज केंद्रांचा प्रचंड कार्यक्रम जाहीर केला आणि जुलै १९७७मध्ये क्रेय-माल्व्हिलच्या अणुभट्टीविरोधी मोर्चात एका निदर्शकाचा जीव गेला. बेल्जियममध्ये लिएजजवळच्या एर्स्तालचा बंदुकांचा कारखाना जगभर माल पाठवत होता. याच फ्रांकॅं यांनी छळाविरुद्ध काम करणाऱ्या अॅम्नेस्टी इंटरनॅशनलसाठी गास्तोंचे एक पान काढले. आजाराने या चित्रांना काळोख दिला असेल, पण नेम धरला तो त्यांच्या विवेकाने.

विदारक विनोद आणि निव्वळ क्रौर्य यांतला फरक इथेच कळतो. क्रूर विनोद पडलेल्या माणसाला हसतो. फ्रांकॅं हसतात ते माणूस पाडणाऱ्या व्यवस्थेला, आणि प्राण्यावर बंदूक रोखली गेली की ते नि:संशय प्राण्याच्या बाजूने उभे राहतात. मालिका १९८३मध्ये थांबली. शस्त्रबाजार, अणुबॉम्ब आणि विषारी हवा मात्र अजून आपल्यासोबत आहेत. म्हणून फ्रेंच भाषेतली चित्रकथा म्हणजे टिनटिन आणि अॅस्टेरिक्स एवढ्यावरच ज्यांची ओळख थांबली आहे, त्यांनी ही काळी पाने मुद्दाम मिळवून पाहावीत. कित्येक पाने शब्दांवाचूनही समजतात.