शिवेपलीकडचे साल

काळ हवा तसा ताणणारी, थोपवणारी माणसे गोष्टींत पुष्कळ भेटतात. भागवतातला ककुद्मी राजा घ्या. लेक रेवतीसाठी कोणता वर योग्य हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गायन चालले होते, म्हणून क्षणभर थांबला. गाणे संपल्यावर त्याने आपला प्रश्न विचारला, तेव्हा ब्रह्मदेवाला हसू आले. तेवढ्या वेळात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली होती! ही गोष्ट निघाली की वर्गात कुणीतरी हमखास विचारतो, "सर, पूर्वी कधी काळावर खरोखर ताबा असलेले लोक होऊन गेले असतील का?"

प्रश्न थट्टेवारी नेण्यासारखा नाही. पण 'असतीलही' म्हणून सोडून देण्यासारखाही नाही. ब्रह्मलोकाची वाट आपल्याला ठाऊक नाही, तेव्हा आपण बार्शीहून परंड्याला जाऊ.

वर्ष १९४७, महिना डिसेंबर. बार्शी सोलापूर जिल्ह्यात, म्हणजे मुंबई इलाख्यात. परंडा उस्मानाबाद (आजचा धाराशिव) जिल्ह्यात, म्हणजे निजामाच्या हैदराबाद संस्थानात. बार्शीच्या कचेरीतल्या कागदावर १९४७ साल. शीव ओलांडून परंड्याच्या कचेरीत जावे, तर तिथल्या दप्तरात १३५७! महिन्यांची नावेही वेगळी : आजूर, दय, बहमन. थोड्याशा वाटेत माणूस ५९० वर्षे मागे गेला म्हणायचा. मात्र दोन्ही गावांच्या पंचांगांत शक एकच, १८६९, आणि तिथीही एकच. चंद्राला शीव ठाऊक नव्हती.

हे १३५७ साल फसली. फसल म्हणजे पीक. त्याची जन्मकथा ऐकण्यासारखी आहे. हिजरी वर्ष चंद्राच्या बारा महिन्यांचे, सुमारे ३५४ दिवसांचे. ऋतू मात्र सूर्यामुळे होतात, आणि त्यांचे वर्ष तीनशे सव्वापासष्ट दिवसांचे. म्हणजे हिजरी वर्ष दरसाल अकरा दिवस आधीच संपते. सण पुढेमागे झाला तर बिघडत नाही, पण सारा? तो पिकावर भरायचा. हप्त्याची तारीख दरवर्षी अकरा दिवस अलीकडे सरकू लागली, तर काही वर्षांनी ज्वारी शेतात उभी असतानाच वसुलीला शिपाई दारात येणार. आणखी एक हिशेब करून पाहा. चंद्राची ३३ वर्षे म्हणजे सूर्याची जवळजवळ ३२. शेतकऱ्याने पिके काढली ३२ वर्षांची, पण सारा मागितला जाणार ३३ वर्षांचा. काळाशी खेळ म्हणाल तर तो हाच, आणि त्याची झळ खरीखुरी होती.

उपाय साधा होता. अकबराने उत्तरेत हिजरी ९६३ (इ. स. १५५६) हा आकडा घेऊन तिथून पुढे सौर वर्षे मोजण्याची पद्धत पाडली. दख्खनेत शाहजहानच्या अमदानीत हिजरी १०४६ (इ. स. १६३६) धरून तसेच झाले. त्या वर्षी हिजरी आणि फसली आकडा एकच होता. पुढे चंद्र भरभर धावला, सूर्य आपल्या चालीने चालला. १९४७ च्या डिसेंबरात हिजरी १३६७ होते आणि फसली १३५७. तीनशे अकरा वर्षांत दहा वर्षांचे अंतर! वर सांगितलेल्या ३२-३३ च्या हिशेबाशी ते जुळते का, वहीत करून पाहा.

घड्याळाचेही तसेच. १ जानेवारी १९०६ पासून देशाला एक प्रमाणवेळ मिळाली, तरी मुंबई शहराने ३९ मिनिटे मागे असलेली आपली 'मुंबई टाइम' १९५५ पर्यंत सोडली नाही. प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची आणि परंडा सुमारे साडेपंच्याहत्तरावर. अंशाला चार मिनिटे. म्हणून परंड्यात सूर्य माथ्यावर येतो तो सरासरीने बारा वाजून अठ्ठावीस मिनिटांनी, घड्याळ काहीही म्हणो.

या सगळ्यात बदलली ती मोजणी. काळाचा ओघ कुणी रेसभरही हलवला नव्हता.

मग ओघ बदलतच नाही का? बदलतो! आइन्स्टाइनने १९०५ मध्ये दाखवले की वेगाने जाणारे घड्याळ संथ चालते. १९१५ मध्ये पुऱ्या झालेल्या त्याच्या दुसऱ्या सिद्धांतानुसार, जिथे गुरुत्वाकर्षणाची पकड ढिली, तिथे घड्याळ जलद चालते. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी सीझियमची घड्याळे विमानातून पृथ्वीभोवती फिरवून हे दोन्ही तपासले. आज मोबाइलवर रस्ता दाखवणारे जीपीएसचे उपग्रह सुमारे वीस हजार किलोमीटर उंचीवरून फिरतात. वेगामुळे त्यांची घड्याळे दिवसाला ७ मायक्रोसेकंद मागे पडतात, उंचीमुळे ४५ पुढे जातात. उरलेल्या ३८ ची दुरुस्ती आधीच करून ठेवावी लागते, कारण तेवढ्यात प्रकाश अकरा किलोमीटरांहून जास्त जातो. तेव्हा काळाच्या ओघातला फरक मोजून तो कामाला लावणारे लोक खरोखर झाले, पण ते आपल्याच युगातले.

आणि ककुद्मी? तो एक मुहूर्त, म्हणजे ४८ मिनिटे थांबला असे धरू. सत्तावीस चतुर्युगे म्हणजे ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षे. काळ सुमारे १.२८ लाख कोटी पट ताणला गेला पाहिजे. नुसता दुप्पट ताणायलासुद्धा सेकंदाला २ लाख ६० हजार किलोमीटर वेग लागतो. गोष्टीत ना वेग दिला आहे, ना घड्याळ, ना कुणी केलेले माप. कल्पना म्हणून मला ती फार आवडते. पुरावा म्हणून मात्र ती घेता येणार नाही.

त्यापेक्षा परंड्याच्या भुईकोट किल्ल्यात जा. एखादा बुरुज दहा मीटर उंच आहे असे समजा. दर मीटरला घड्याळ शंभर कोटी कोटींत १.०९ भाग जलद चालते. हिशेब केला तर माथा पायथ्यापेक्षा वर्षाला ३४ नॅनोसेकंद पुढे जातो. दोन्ही दगड पाचशे वर्षे जागचे हलले नसतील, तर वरचा दगड खालच्यापेक्षा सुमारे १७ मायक्रोसेकंदांनी वयाने मोठा झाला आहे.