टिल्बरी बंदर ते नॉटिंग हिल

२२ जून १९४८ रोजी ‘एम्पायर विंडरश’ जहाजातून जमैका, त्रिनिदाद आणि आसपासच्या बेटांवरची काही शे माणसं लंडनजवळच्या टिल्बरी बंदरात उतरली. महायुद्धाने थकलेल्या ब्रिटनला कामाला माणसं हवी होती. ही माणसं कायद्याने ब्रिटिश प्रजाच. त्यांतले कितीतरी युद्धात ब्रिटनच्या बाजूने लढलेले. बस, रेल्वे, रुग्णालयं, सगळीकडे त्यांना कामं मिळाली. भाड्याची खोली द्यायला मात्र घरमालक तयार होईनात.

ऑगस्ट १९५८च्या अखेरीस नॉटिंग हिलमध्ये गोऱ्या तरुणांच्या टोळक्यांनी काळ्या रहिवाशांवर हल्ले केले. पुढच्याच जानेवारीत क्लॉडिया जोन्स यांनी सेंट पँक्रसच्या टाऊन हॉलमध्ये कार्निव्हल भरवला. त्रिनिदादमध्ये जन्मलेल्या या पत्रकार बाईंना कम्युनिस्ट म्हणून अमेरिकेने तुरुंगात टाकून हद्दपार केलं होतं. बेटांवर कार्निव्हल रंगतो उन्हात, रस्त्यावर. लंडनच्या थंडीत तो सभागृहात करावा लागला. स्मरणिकेच्या विक्रीतला काही वाटा दंगलीत अडकलेल्या तरुणांचे दंड भरण्यासाठी होता, काळ्या आणि गोऱ्याही. या साऱ्या इतिहासात मला हा तपशील सर्वांत मोलाचा वाटतो. कालपरवा मार खाल्लेल्या समाजाचं मन एवढं मोठं होतं.

क्लॉडिया १९६४ मध्ये गेल्या. १९६६ मध्ये नॉटिंग हिलमध्ये मुलांसाठी जत्रा भरली होती. तिथे रसेल हेंडरसन आणि साथीदार गळ्यात स्टीलपॅन अडकवून वाजवत रस्त्याने चालू लागले आणि लोक मागोमाग निघाले. आजचा कार्निव्हल रस्त्यावर आला तो असा. स्टीलपॅन म्हणजे तेलाचं पिंप. त्याचा तळ घणाने ठोकून खोलगट करायचा आणि त्यात एकेक सूर घडवायचा. इंग्रज अंमलात त्रिनिदादमध्ये ढोलांवर बंदी आली, तेव्हा लोकांनी बांबू आपटून ताल धरला. पिंपं आली ती त्यानंतर. तेच वाद्य इंग्रजांच्या राजधानीत वाजू लागलं.

सरकारदरबारी मात्र परकेपण सुटलं नाही. १९७३ पूर्वी आलेल्यांना कायद्याने कायम राहण्याचा हक्क दिला, पण बहुतेकांच्या हाती तसा कागद दिला नाही. २०१० मध्ये गृहखात्याने हजारो प्रवाशांची जुनी आगमनपत्रं नष्ट केली. पुढे नोकरी, घरभाडं, औषधोपचार, सगळीकडे पुरावा मागू लागले आणि जन्मभर कर भरलेली माणसं बेकायदा ठरली. काहींना देशाबाहेर काढलं. २०१८ मध्ये हे चव्हाट्यावर आल्यावर पंतप्रधानांनी माफी मागितली. भरपाईची योजना २०१९ मध्ये सुरू झाली. पैसे हाती पडण्याआधीच कित्येक अर्जदार वारले.