मुक्या पडद्यावरची सोयरीक

सोयरीक या शब्दात मला नेहमी ‘सोय’ ऐकू येते. मुलामुलीची नव्हे, दोन घराण्यांची. राजेरजवाड्यांच्या लग्नांत तर ती फारच. मूकपटांनी अशा लग्नांचा थाट हौसेनं दाखवला. पण थाटामागचा सौदा पाहायचा असेल, तर एरिक फॉन स्ट्रोहाइम यांचा १९२८ सालचा ‘द वेडिंग मार्च’ पाहावा.

गोष्ट १९१४ सालच्या व्हिएन्नातली. प्रिन्स निकी हा सम्राटाच्या रक्षकदलातला अधिकारी. ही भूमिका स्ट्रोहाइम यांनीच केली आहे. घराणं मोठं, खिसा रिकामा. घरी पैसे मागितले, की पैसेवाली मुलगी कर, असा सल्ला मिळतो. त्याचं मन जडतं मिट्झीवर. ती मद्यालयात हार्प वाजवणारी गरीब मुलगी. लग्न मात्र ठरतं सिसिलियाशी. तिचे वडील पायाच्या कुरूपावर लावायच्या पट्ट्या विकून गब्बर झालेले. त्यांना मोठ्या घराण्याचं नाव हवं, निकीच्या घरच्यांना पैसा.

आपल्याकडे याद्या करायला निदान घरात बैठक बसते. इथे दोघे बाप वेश्यागृहात, दारूच्या नशेत जमिनीवर बसून व्यवहार पक्का करतात. पुढे चर्चमध्ये लग्न लागताना ऑर्गन वाजवणाऱ्याच्या हातांच्या जागी सांगाड्याचे हात दिसतात. पायानं अधू असलेली सिसिलिया लंगडत चालते. झाझू पिट्स या अभिनेत्रीनं केवळ चेहऱ्यानं सांगितलंय, की आपल्याला कशासाठी केलंय हे या मुलीला पक्कं ठाऊक आहे.

ती पाहताना मला माझी आत्या आठवली. तिच्या याद्या आमच्याच घरी झाल्या. देणंघेणं, मानपान, सगळं बोलून झालं. आत्या पोह्यांच्या बश्या ठेवून आत गेली. तिला कुणी काही विचारलं नाही. मी तेव्हा लहान होतो. मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

या कथेचा पुढचा भाग, ‘द हनिमून’, नष्ट झाला. त्यामुळे लग्नानंतरची सिसिलिया आज पाहायला मिळत नाही. आत्याला मात्र मी उतारवयात विचारलं, “तुला तेव्हा विचारलं असतं, तर काय म्हणाली असतीस?”

ती म्हणाली, “हो म्हणाले असते रे, बहुतेक. पण विचारायला हवं होतं.”