टीव्हीवरचा कलाकार : पुरावा कोणी जपून ठेवला?

परफॉर्मन्स आर्टवर संशोधन करायचं म्हटलं की पहिली अडचण साधनांची. कृती तर घडून गेलेली असते. मग आपण अभ्यासतो ते नेमकं काय? अमेरिकन कलाकार क्रिस बर्डन याचं उदाहरण घेऊन बघू.

९ फेब्रुवारी १९७२. कॅलिफोर्नियातल्या अर्व्हाइनच्या केबल वाहिनीवर त्याची मुलाखत होती. प्रक्षेपण थेटच हवं, ही त्याची अट. मुलाखतीदरम्यान त्याने समोरच्या बाईंच्या गळ्याला सुरी लावली आणि प्रक्षेपण बंद केलंत तर जीव घेईन, अशी धमकी दिली. नंतर स्टुडिओची टेप मागून घेऊन ती नष्ट केली. चित्रीकरणासाठी त्याने स्वतःची माणसंही आणली होती, हे लक्षात ठेवा.

पुढे त्याने रस्ता बदलला आणि चक्क जाहिरातीची वेळ विकत घेतली. १९७३ मध्ये लॉस एंजेलिसच्या प्रेक्षकांना रात्री उशिरा, इतर जाहिरातींच्या रांगेत, हात पाठीमागे घेऊन काचांवरून सरपटणारा माणूस दिसला. फक्त १० सेकंद. १९७६ च्या जाहिरातीत नुसती नावं होती: लिओनार्दो दा विंची, मायकेलअँजेलो, रेम्ब्राँ, व्हॅन गॉग, पिकासो आणि शेवटी क्रिस बर्डन. १९७७ मध्ये त्याने आपल्या कमाईचा वर्षभराचा जमाखर्चच टीव्हीवर मांडला.

पाहुणा म्हणून गेलं तर आपली ओळख वाहिनी करून देते. वेळ विकत घेतली तर ती आपण करून देतो. मात्र तेव्हाही जाहिरातीची चौकट सुटत नाही. पैसे मोजावे लागतात आणि सेकंदही.

इथपर्यंतचं विश्लेषण बरेच जण करतात. खरी गोम पुढे आहे. या जाहिराती आज आपण बघतो त्या बर्डननेच एकत्र केलेल्या फितीत, त्याच्याच स्पष्टीकरणासह. म्हणजे आपलं मुख्य साधन हीसुद्धा त्याची आत्मप्रतिमाच! तिच्यावरच विसंबून राहिलो तर आपला प्रबंध त्याच्या जाहिरातीचा पुढचा भाग होईल.

म्हणून वहीत तीन रकाने आखा: काय घडलं, काय प्रसारित झालं, काय जपलं गेलं आणि कोणी जपलं. मग रिकामी जागा शोधा. १९७२ च्या प्रसंगात ती ठळक दिसते: गळ्याला सुरी लागलेल्या बाईंना तेव्हा काय वाटलं? त्यांच्या बाजूने हा प्रसंग वाचायला घ्या; संशोधनाचा प्रश्न बहुधा तिथेच सापडेल.